जुनी मोटार घ्यावी कशी आणि सांभाळावी कशी



गळीत हंगाम उरकत आला आणि उसाचे बिल खात्यावर जमा झाले, की आपल्या कार्यक्षेत्रातल्या पुष्कळ घरांतून एक विषय हमखास निघतो. "औंदा एखादी जुनी फोर-व्हीलर बघावी का?" कुणाच्या आईला महिन्यातून दोनदा छत्रपती संभाजीनगरला दवाखान्यात न्यावे लागते, कुणाची मुलगी कॉलेजला जाते, कुणाला भाजी पहाटे बाजार समितीत पोचवायची असते. मोटारसायकलवर पावसात तिघांनी जायचे दिवस आता नकोत, असे प्रत्येकालाच वाटते. नवी गाडी परवडत नाही, म्हणून माणूस जुनीकडे वळतो. आमच्याकडे याबाबत विचारणा फार होते, सबब या अंकात त्याविषयी चार शब्द लिहीत आहोत.

आपल्या शहराला मोटारींचे अप्रूप नाही. तेव्हाच्या औरंगाबादेत ऑक्टोबर २०१० मध्ये एकाच दिवशी १५० मर्सिडीज गाड्या सामुदायिकरीत्या घेतल्या गेल्या, त्याची बातमी देशभर झाली. आपली जुनी मारुती कुणाच्या बातमीत येणार नाही. पण एका हंगामाच्या कमाईतला मोठा भाग तिच्यात जातो, आणि घरची माणसे तिच्यात बसतात. म्हणून बैल घेताना दात बघतो, चालवून बघतो, जुंपून बघतो, तेवढी तरी पारख इथे केलीच पाहिजे.

जपानी गाडी म्हणजे कोणती?

जपानात छोट्या गाड्यांचा एक वेगळा वर्गच १९४९ पासून आहे. इंजिन किती मोठे असावे, गाडी किती लांब-रुंद असावी, याला सरकारी मर्यादा. त्यामुळे कमी पेट्रोलवर चालणारी, हलकी आणि दुरुस्तीला सोपी गाडी बनवण्यात तिथल्या कंपन्यांचा हात बसला. जपानातही आपल्यासारखेच डाव्या बाजूने वाहन चालवतात, म्हणून तिथल्या वापरलेल्या गाड्या केनिया, श्रीलंका, पाकिस्तान, न्यूझीलंड अशा देशांत मोठ्या प्रमाणात जातात. आपल्याकडे मात्र परदेशी जुन्या मोटारींच्या आयातीवर कडक अटी आणि भारी कर आहेत. तेव्हा आपल्या गावात जी 'जपानी' गाडी फिरते, ती इथेच तयार झालेली.

१९८२ साली मारुती उद्योगाने सुझुकी कंपनीशी करार केला, आणि १४ डिसेंबर १९८३ रोजी गुरगाव येथील कारखान्याच्या पहिल्या मारुती ८०० ची किल्ली ग्राहकाच्या हाती पडली. ही गाडी जानेवारी २०१४ पर्यंत बनत होती. तिच्या पाठोपाठ १९९३ ला झेन, १९९९ च्या अखेरीस वॅगन-आर आणि २००० साली आल्टो आली. होंडा, टोयोटा, निस्सान यांच्याही छोट्या गाड्या बाजारात आहेत. परंतु जुनी गाडी घेताना आमचा सल्ला असा, की तालुक्याच्या ठिकाणी जिचा सुटा भाग त्याच दिवशी मिळतो, तीच घ्यावी. निस्सानची मायक्रा आपल्याकडे विकणे २०२० साली थांबले, डॅटसनचे नाव २०२२ मध्ये बंद झाले. गाडी वाईट नाही, पण एका भागासाठी आठ दिवस खोळंबणे शेतकऱ्याला परवडत नाही. आल्टो किंवा वॅगन-आर बिघडली, तर आडगावचा मिस्त्रीसुद्धा हात घालतो.

वॅगन-आर बघताना एक भेद ध्यानात ठेवावा. २०१० पूर्वीच्या गाडीत १०६१ सीसीचे चार सिलिंडरचे इंजिन असे, त्याला टायमिंगचा पट्टा आहे. २०१० नंतर ९९८ सीसीचे तीन सिलिंडरचे इंजिन आले, त्याला पट्ट्याऐवजी साखळी आहे. जुन्या आल्टोच्या ७९६ सीसी इंजिनालाही पट्टाच. हा पट्टा रबरी असतो, त्याचे आयुष्य ठरलेले असते. साधारण ८० हजार ते १ लाख किलोमीटरच्या दरम्यान तो बदलावा लागतो. विकणाऱ्याला पहिला प्रश्न हाच विचारावा, "पट्टा कधी बदलला, पावती आहे का?" पावती नसेल, तर बदललेला नाही असेच समजून चालावे आणि तेवढा खर्च किमतीतून वजा मागावा.

कागद आधी, गाडी मागून

इथे आमचीच फजिती सांगणे भाग आहे. काही वर्षांपूर्वी आम्ही आमची जुनी मारुती ८०० विकली. शंभराच्या मुद्रांकावर लिहून घेतले, पैसे मोजून घेतले, किल्ली दिली, चहा झाला. नाव बदलून घ्यायचे काम घेणाऱ्याने 'बघू पुढच्या आठवड्यात' म्हणून पुढे ढकलले आणि आम्हीही मागे लागलो नाही. दोन वर्षांनी न्यायालयाची नोटीस दारात. गाडी तिसऱ्याच माणसाच्या हाती होती, रस्त्यावर एकाचा पाय मोडला होता, आणि गाडीचा विमा संपलेला. नोटिशीत नाव आमचे, कारण आरसीवर नाव आमचे. मुद्रांकाचा कागद घेऊन आम्ही किती हेलपाटे घातले, ते सांगत बसत नाही.

आमची ही समजूत चुकीची होती, की पैसे मिळाले म्हणजे गाडी आपली राहिली नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली नवीन कुमार विरुद्ध विजय कुमार या खटल्यात स्पष्ट केले आहे, की नोंदणीत ज्याचे नाव, तोच कायद्याच्या दृष्टीने मालक. गाडी पुढे कितीही हात फिरलेली असो. त्यामुळे विकणाऱ्या सभासदाने १४ दिवसांच्या आत परिवहन कार्यालयाला कळवावे, आणि घेणाऱ्याने ३० दिवसांच्या आत आपल्या नावासाठी अर्ज करावा. त्यासाठी नमुना २९ आणि नमुना ३० लागतात. दोघांनी बरोबर बसून सह्या कराव्यात. कोऱ्या नमुन्यावर सही देऊ नये, घेऊही नये.

सातबाऱ्यावर जसा बोजा असतो, तसा आरसीवरही असतो. गाडी कर्जावर घेतलेली असेल, तर बँकेचे नाव त्यावर चढलेले असते. कर्ज फिटले, एवढे तोंडी ऐकून भागत नाही. बँकेचा दाखला आणि नमुना ३५ घेऊन तो बोजा उतरवलेला पाहावा, मगच उरलेले पैसे द्यावेत. एम-परिवहन या सरकारी अॅपवर गाडीचा नंबर टाकला, की नोंदणीची मुदत, विमा, बोजा हे बरेचसे दिसते. थकलेली ई-चलाने किती, तेही पाहून घ्यावे. आणि आरसीवरचा चेसिस नंबर व इंजिन नंबर गाडीवर कोरलेल्या नंबरशी अक्षर न अक्षर ताडून पाहावा. नंबर घासलेला दिसला, तर रामराम करून परत फिरावे.

खाजगी मोटारीची नोंदणी १५ वर्षांची. त्यानंतर तपासणी करून ती पाच-पाच वर्षांनी वाढवून मिळते. याचे शुल्क १ एप्रिल २०२२ पासून मोटारीला ५ हजार रुपये झाले, आणि २० वर्षांवरील मोटारीला ऑगस्ट २०२५ पासून १० हजार. पर्यावरण कर वेगळा. म्हणून चौदा वर्षांची गाडी 'स्वस्तात' मिळते, तेव्हा हा खर्च उंबरठ्यावर उभा आहे हे ओळखावे. १ एप्रिल २०१९ पूर्वी नोंदलेल्या गाडीला उच्च सुरक्षा नंबरपाटीही बसवावी लागते. दिल्लीकडे जुन्या गाड्यांवर बंधने आल्याने तिकडच्या गाड्या इकडे कमी दरात दाखवतात. परराज्यातली गाडी घेतली, तर तिकडचा ना-हरकत दाखला आणि आपल्या राज्याचा कर हे दोन्ही आले. हिशेब केल्यावर ती स्वस्ती बहुधा उरत नाही.

विम्याचीही एक गोष्ट. गाडी नावावर झाली म्हणजे विमा आपोआप आपल्या नावावर झाला, असे मानू नये. १४ दिवसांत विमा कंपनीकडे अर्ज करावा. दावा न केल्याबद्दल जी सूट मिळते ती जुन्या मालकाची; ती गाडीबरोबर येत नाही.

गाडी बघायची तर सकाळी, थंड असताना

आम्ही येतो म्हणून विकणाऱ्याने गाडी आधीच सुरू करून ठेवली असेल, तर बॉनेटवर हात ठेवून बघा. गरम लागले तर दुसऱ्या दिवशी या. थंड इंजिन पहिल्या झटक्यात सुरू झाले पाहिजे. नंतर मागे जाऊन धूर बघा. निळसर धूर म्हणजे इंजिन ऑइल जळते आहे. काळा म्हणजे पेट्रोल जास्त जाते आहे. पांढरा धूर थंडीच्या सकाळी थोडा वेळ निघणे ठीक, पण इंजिन तापल्यावरही चालू राहिला तर कूलंट आत शिरत असण्याचा संभव. ऑइलचे झाकण उघडून आतून बघा. सायीसारखा पांढरट थर दिसला तर हेड गॅसकेटचा संशय घ्यावा.

किलोमीटरच्या आकड्यावर भरवसा ठेवू नका, तो मागे फिरवता येतो. क्लच-ब्रेकच्या पायट्यांचे रबर, स्टिअरिंगची झिलई, ड्रायव्हरच्या सीटची कड ह्या गोष्टी खोटे बोलत नाहीत. चाळीस हजार दाखवणाऱ्या गाडीचे पायटे गुळगुळीत झाले असतील, तर काय ते समजून घ्यावे.

सप्टेंबर २०२५ च्या अतिवृष्टीत मराठवाड्यात किती गावांत पाणी शिरले, हे आपण डोळ्यांनी पाहिले आहे. पाण्यात बुडालेल्या गाड्या धुऊन-पुसून बाजारात येतात. ओळखायची युक्ती सोपी आहे. सीटबेल्ट शेवटपर्यंत ओढा. आतल्या टोकाला गाळाची रेघ दिसते. पायाखालचा गालिचा उचला, सीटखालच्या लोखंडाला गंज बघा, स्टेपनीचा खड्डा बघा. कोंदट वास येत असेल आणि वर भरपूर सुगंधी फवारा मारलेला असेल, तर विचारायलाच नको.

टायरवर चार आकडे असतात. २३१९ असे लिहिले असेल, तर तो २०१९ सालच्या तेविसाव्या आठवड्यात बनला. नक्षी शाबूत असली तरी सहा वर्षांवरचा टायर कडक होतो. गावातल्या गावात तो चालून जाईल. पण आता समृद्धी महामार्ग आपल्या जिल्ह्यातून जातो. उन्हाळ्यात तापलेल्या काँक्रीटवर तासन्‌तास वेगाने पळवायला असा टायर नाही. फुटला, तर सावरायला वेळ मिळत नाही.

शेवटी गाडी चालवून बघायची ती सपाट जालना रोडवर नव्हे. चढावर न्या. कन्नडच्या घाटाकडे जमत असेल तर उत्तमच, नाहीतर दौलताबादचा चढ आहेच. चढावर इंजिनाचा आवाज वाढतो पण वेग वाढत नाही, म्हणजे क्लच प्लेट संपत आली. उतारावर ब्रेक दाबताच गाडी एका बाजूला ओढते का, ते बघा. खड्ड्यातून जाताना पुढून 'खट्‌खट्' आवाज आला, तर लोअर आर्म किंवा बॉल जॉइंटचे काम निघेल. सोबत आपल्या विश्वासातला मिस्त्री न्यावा, त्याची एक दिवसाची मजुरी देताना हात आखडू नये.

गॅसचे किट बसवलेली गाडी असेल, तर ते आरसीवर चढवलेले आहे का, हे पाहावे. सीएनजीच्या टाकीची दर तीन वर्षांनी तपासणी करावी लागते, तिचा दाखला मागावा. घरगुती सिलिंडरवर चालवलेली गाडी कुणी फुकट दिली तरी घेऊ नये. तो गुन्हा आहे, आणि जिवाशी खेळही आहे.

आपलाच ऊस आपल्या टाकीत

आता खास आपल्या जिव्हाळ्याची बाब. पंपावर मिळणाऱ्या पेट्रोलमध्ये इथेनॉल असते. २०२२ साली देशात मिश्रण १० टक्क्यांवर गेले आणि २०२५ मध्ये २० टक्क्यांवर. ऊस उत्पादकाच्या दृष्टीने ही चांगलीच गोष्ट आहे, साखरेचा भाव पडला तरी कारखान्याला दुसरा आधार राहतो. परंतु इथेनॉलमध्ये पेट्रोलपेक्षा सुमारे एक-तृतीयांश ऊर्जा कमी असते, ते पाणी शोषते, आणि जुन्या रबराला मानवत नाही. २० टक्के मिश्रण सोसतील असे भाग एप्रिल २०२३ पासूनच्या गाड्यांत आले. आपण घेतो ती गाडी त्याच्या कितीतरी आधीची.

नीति आयोगाच्या २०२१ च्या अहवालात जुन्या धाटणीच्या चारचाकींचे सरासरी अंतर ६ ते ७ टक्क्यांनी घटेल, असे म्हटले आहे. हिशेब मांडून बघू. वर्षाला १२ हजार किलोमीटर चालणारी गाडी लिटरला १५ किलोमीटर देत होती, तेव्हा ८०० लिटर लागत. सरासरी १४ च्या आसपास आली, तर साधारण ८५० लिटर लागतील. लिटरला शंभर रुपये धरले तरी वर्षाला पाच हजार रुपये वाढले. दुसऱ्या बाजूने बघा. या ८५० लिटरमध्ये १७० लिटर इथेनॉल. एक टन उसाच्या थेट रसापासून सुमारे ७० लिटर इथेनॉल होते, म्हणजे आपली गाडी वर्षाला अडीच टनांच्या आसपास ऊस पिते. हेच इथेनॉल साखर काढून उरलेल्या शेवटच्या मळीपासून करायचे, तर पंधरा-सोळा टन उसाची मळी लागते. आपण पिकवतो, आपणच जाळतो. तेव्हा त्याचे गुणदोषही आपल्याला माहीत असलेले बरे.

उपाय अवघड नाहीत. गाडी घेतल्याबरोबर पेट्रोलचे रबरी पाइप बघून घ्यावेत. भेगा किंवा फुगवटा असेल तर इथेनॉल सोसणारे नवे टाकावेत. पेट्रोल फिल्टर बदलावा, कारण टाकीत वर्षानुवर्षे बसलेला मळ इथेनॉलने सुटतो आणि फिल्टर तुंबतो. पावसाळ्यात टाकी रिकामी ठेवून गाडी महिनाभर उभी करू नये. आठवड्यातून एकदा तरी पंधरा-वीस किलोमीटर फिरवावी. कार्ब्युरेटरची जुनी मारुती ८०० असेल तर ही काळजी दुप्पट, कारण मिश्रण जुळवून घेण्याची सोय तिच्यात नाही. पेट्रोलचा वास आला, तर त्याच दिवशी मिस्त्रीला दाखवावे. 'बघू नंतर' म्हणू नये.

सांभाळणे म्हणजे नेमके काय

आपल्या भागात गाडी तीन गोष्टींनी मरते: बोअरच्या पाण्याने, धुळीने आणि उंदराने.

रेडिएटरमध्ये बोअरचे पाणी ओतण्याची सवय मोडली पाहिजे. आपल्या बोअरचे पाणी जड. पातेल्याला जसा पांढरा थर धरतो, तसा रेडिएटरच्या नळ्यांत धरतो. मे महिन्यात पारा चाळिशीच्या वर गेला, की गाडी तापते आणि हेड गॅसकेट उडते. कूलंट आणि शुद्ध केलेले डिस्टिल्ड पाणीच वापरावे, दोन वर्षांनी बदलावे. तापलेल्या गाडीचे झाकण कदापि उघडू नये.

ऊसतोडीच्या दिवसांत शेतरस्त्यावर धूळ किती, ते सांगायला नको. एअर फिल्टर महिन्याला झटकावा, काळा पडला की बदलावा. इंजिन ऑइल आणि त्याचा फिल्टर जुन्या गाडीत ५ हजार किलोमीटरला किंवा सहा महिन्यांनी बदललेला बरा. दर रविवारी डिपस्टिक ओढून पातळी बघायला दोन मिनिटे लागतात. ब्रेक ऑइल दोन वर्षांनी.

उंदीर हा उसाच्या पट्ट्यातला खरा शत्रू. फडाशेजारी उभ्या गाडीत तो घर करतो आणि वायरी कुरतडतो. आठवड्यातून एकदा बॉनेट उघडून बघावे, गाडीत खाण्याचे काही ठेवू नये.

एक गोष्ट मात्र दुरुस्तीने येत नाही. या जुन्या छोट्या गाड्यांपैकी बहुतेकींत एअरबॅग नाहीत, आपोआप चाक न अडकू देणारे ब्रेक नाहीत. चौघांच्या गाडीत सात जण कोंबून लग्नाला जाणे, रात्री दिवे नसलेल्या उसाच्या ट्रॉलीमागे वेगाने जाणे, हे टाळलेच पाहिजे. मागे बसणाऱ्यांनीही पट्टा लावावा.

पैशांचे गणित

समजा, तुमच्याजवळ दीड लाख आहेत. तर गाडी दीड लाखाची बघू नका, एक लाख दहा हजारांची बघा. उरलेले चाळीस हजार पट्टा, टायर, बॅटरी, ऑइल, विमा आणि नाव बदलण्याला लागतात. हे पैसे पहिल्याच वर्षी लागतात, नंतर गाडी दोन-तीन वर्षे निमूट चालते. सगळे पैसे किमतीतच घातले, की गाडी दारात उभी राहते आणि मिस्त्रीला द्यायला पुढच्या बिलाची वाट पाहावी लागते. भाव करताना आणखी एक मुद्दा हाताशी ठेवा. २२ सप्टेंबर २०२५ पासून नव्या छोट्या पेट्रोल गाडीवरचा जीएसटी १८ टक्क्यांवर आला, नवी स्वस्त झाली. मग जुनीचा भाव जुनाच कसा?

आमची आता दुसरी गाडी आहे, तीही जुनीच, वॅगन-आर. या खेपेला परिवहन कार्यालयाची पावती हातात पडल्यावरच आम्ही शेवटचे पैसे दिले. आमच्या जुन्या मारुतीचा खटला शेवटी मिटला, पण त्या दोन वर्षांत गेलेली झोप परत आली नाही. तेवढी एक चूक सभासदांनी करू नये, एवढ्यासाठीच हा खटाटोप.

गाडी बघायला जाताना आमच्या शब्दाचीही गरज नाही. शेजारचा एक सभासद सोबत घ्या, एक मिस्त्री घ्या, आणि हा अंक खिशात ठेवा. तिघांच्या नजरेतून जे सुटत नाही, ते एकट्याच्या हौसेत सुटून जाते.